हौदाचं झाकण

झाकण जड होतं. दोन्ही हातांनी कडी धरून मी ते अर्धं ओढलं आणि आत वाकून बघितलं. पाईपमधून मनगटाएवढी धार पडत होती आणि खाली पाणी हलत होतं. बाहेर ऊन, आत काळोख, डोळ्यांना काही सापडेना. मी हाक मारली, "नंदे." उत्तर आलं नाही. पुन्हा मारली. धारेच्या आवाजात माझी हाक मलाच नीट ऐकू येत नव्हती. माझी धाकटी बहीण आत आहे हे मला पक्कं माहीत होतं आणि ती ओ देत नव्हती. मी दहा वर्षांची होते, ती सहा वर्षांची.

आमच्या गल्लीतल्या पोरांच्या परीक्षा मागच्या आठवड्यात संपल्या. शेवटचा पेपर देऊन आली, दप्तरं घरात टाकली, आणि उन्हं उतरायच्या आत रस्त्यावर डबा वाजला. रंगाचा रिकामा डबा सिमेंटच्या रस्त्यावर घरंगळत गेला की जो आवाज होतो तो. मी भाकरी करत होते. तवा खाली उतरवला, हात पुसले आणि ओट्यावर येऊन बसले. दरवर्षी असंच करते. सून म्हणते, "अव्वा, इतक्या झळेत भाईर कशाला बसताव?" मी म्हणते, "मोजायला." तिला माहीत आहे, तरी विचारते.

हल्ली मुलं रस्त्यावर खेळत नाहीत असं लोक म्हणतात. ते लोक आमच्या गल्लीत संध्याकाळी येत नाहीत. मोबाइल बघतात, खरं आहे. चार्जिंग संपलं की खेळतात. आम्ही तरी कुठं दिवसभर खेळत होतो. बापू गिरणीत होते आणि माझी आई, तिलाही आम्ही अव्वाच म्हणायचो, घरी हातमागवाल्यांच्या कांड्या भरून द्यायची. रहाट फिरवून सूत कांडीवर गुंडाळायचं, सकाळपासून दुपारपर्यंत. त्यात मला बसावं लागायचं. त्या वर्षी माझी चौथी झाली होती. ती परीक्षा माझी शेवटची, जूनपासून शाळेत जायचं नाही, हे घरात ठरलं होतं. मी त्याचं दुःख केलं नाही. तेव्हा मला एवढंच कळत होतं की हा एक उन्हाळा आहे आणि तो खेळून घ्यायचा आहे.

खेळांचे हंगाम होते. संक्रांतीला भरणाऱ्या गड्ड्याच्या जत्रेतून भोवरे यायचे म्हणून थंडीत भोवरे. त्याच्या पाठोपाठ गोट्या. विटी-दांडू गल्लीत बंद होता, कारण एकदा विटीनं एकीची भुवई फुटली होती आणि डोळा थोडक्यात राहिला होता. उन्हाळ्यात फुटक्या कौलाची ठिकरी करून लंगडी, तीही सकाळीच, रस्ता तापायच्या आत. आणि गिरणीचा संध्याकाळचा भोंगा झाला की डबा ऐसपैस. तुपाचा रिकामा डबा रिंगणातून एकानं लांब फेकायचा, राज्य असेल त्यानं तो आणून रिंगणात ठेवायचा, तोवर बाकीच्यांनी लपायचं. मग एकेकाला हुडकून डब्यावर हात आपटून त्याचं नाव घेतलं की तो बाद. आमच्या घरात कन्नड आणि मराठी, समोरच्या पोशव्वाच्या घरात तेलुगू, कोपऱ्यावरच्या घरात उर्दू. भांडण मात्र मराठीत व्हायचं, म्हणजे कोण काय बोललं ते सगळ्यांना कळायचं.

या खेळात एक रीत आहे, आजही आहे. बरोबर आलेलं लहान भावंड असेल तर त्याला कच्चं लिंबू करतात. ते पळतं, लपतं, ओरडतं, पण ते दिसलं तरी बाद होत नाही, त्याच्यावर राज्य येत नाही. त्याला खेळू द्यायचं आणि धरायचं नाही. रीत चांगल्या मनाची आहे. लहानग्याला रडवायचं नाही, घरी एकटं सोडायचं नाही, आणि मोठ्यांचा खेळही मोडायचा नाही. मी तिला नावं ठेवत नाही. पण कच्च्या लिंबाला कुणी शोधत नाही, आणि खेळ संपल्यावर मोजतही नाही. हे माझ्या ध्यानात यायला त्या उन्हाळ्यातली ती एक संध्याकाळ लागली.

नंदी दोन वर्षं कच्चं लिंबू होती आणि तिला ते मान्य नव्हतं. इतर पोरांना त्यात मजा वाटायची. हिला राग यायचा. त्या दिवशी रिंगण आखत होतो तर ती मधे येऊन उभी राहिली.

"मला कधी धरणार?"

"मोठी झाल्यावर," मी म्हटलं.

"म्या झाले की मोठी. गुडघा बघ किती फुटलाय."

पोशव्वाची लच्चू माझ्याच वयाची, तोंडानं तिखट. ती म्हणाली, "गुडघा फुटला की मोठी व्हत्यात व्हय? मग आमची शेळी कवाच मोठी झाली."

सगळे हसले. नंदी हसली नाही आणि रिंगणातून हललीही नाही. राज्य माझ्यावर होतं आणि उशीर होत होता. तिला कटवायचं म्हणून मी म्हटलं, "ऐक. आज अशी लप की कुणाला घावायचं न्हाय. कुणी हाक मारली तरी ओ द्यायचा न्हाय. डबा वाजून खेळ संपंस्तवर भाईर यायचं न्हाय. जमलं तर उद्यापासून पक्की."

"शप्पत?"

"शप्पत."

ती लगेच गेली. लच्चूनं डबा फेकला आणि मी तो आणायला निघाले.

पोशव्वाच्या अंगणात सूत रंगवायचं काम चालायचं. त्यासाठी जमिनीत बांधलेला हौद होता. माणूसभर खोल, आत उतरायला एका कडेला पायऱ्या, वर लोखंडी पत्र्याचं झाकण. उन्हाळ्यात नळाला चार-चार दिवस पाणी नसायचं. आजही रोज येत नाही, पण आता टाक्या मोठ्या आहेत. त्या दिवशी हौद कोरडा होता. पोशव्वानं सकाळी तो घासून धुतला होता आणि वाळायला झाकण थोडं सरकवून ठेवलं होतं.

मी लपलेल्यांना हुडकत त्या अंगणात गेले. झाकण तिरकं दिसलं. अव्वा नेहमी सांगायची, हौद उघडा दिसला की झाकायचा, एखादं पोर पडंल. मी वाकलेसुद्धा नाही. पायानं लोटलं. ते घासत गेलं आणि बसलं. मी पुढं गेले.

चारजण सापडले होते. तेवढ्यात पोशव्वाच्या अंगणातून आवाज आला, कोरड्या हौदात धार पडल्याचा. तो हौद उताराला होता, त्यामुळं नळाचं पाणी आधी तिथं यायचं, आणि गल्लीत पाणी आलं हे आम्हाला त्याच आवाजानं कळायचं. त्या आवाजासाठी सगळी गल्ली चार दिवस कान लावून बसलेली असायची. कुणीतरी "पाणी" म्हणून ओरडलं. लपलेली होती ती आपणहून बाहेर आली. खेळ मोडला, डबा कुणाचा तरी पाय लागून गटारीत गेला, आणि सगळे घागरी आणायला पळाले. डब्यावर शेवटचा हात मारायचं कुणाच्या डोक्यात आलं नाही. पळायच्या आधी मी मोजलं. राज्य असेल त्यानं मोजायचं ही सवय. मी धरून आठ. आठ बरोबर आले.

नळावर रांग माणसांची नसायची, भांड्यांची असायची. घागर, हंडा, बादली, डबा. ज्याचं त्याचं भांडं ओळखीचं. पुढचं भरलं की मागचं ढकलायचं. अव्वानं आमची भांडी आणून लावली होती आणि त्यांच्या शेवटी नंदीची वीतभर पितळी कळशी होती. तिला काम जमायचं नाही, पण पाणी आलं की स्वतःची कळशी स्वतः भरायची हा तिचा हट्ट. त्या कळशीला कुणी हात लावला तर ती रस्त्यावर बसकण मारायची.

मी दोन घागरी भरल्या. तिसरी नळाखाली लावली. पिण्याचं पाणी पोशव्वाही रांगेतच भरायची, ती मागून पायानं भांडी सरकवत होती. नंदीची कळशी पुढं आली तशी ती म्हणाली, "हिची मालकीण कुटं गेली गं आज?"

"खेळतीया," अव्वा म्हणाली.

"कुणासंगं? सगळी पोरं हितंच हायती की."

मी कळशीकडं बघितलं. मग मला पायाखालून झाकण सरकल्याचा आवाज आठवला. घागर भरून वाहायला लागली होती. ती तशीच सोडून मी पळाले.

आता पुन्हा त्या झाकणापाशी येते. डोळ्यांना काळोख सरावला तेव्हा नंदी दिसली. मधल्या पायरीवर, भिंतीला पाठ लावून, छातीपर्यंत पाण्यात. दोन्ही तळव्यांनी तिनं स्वतःचं तोंड दाबून धरलं होतं. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि तोंडातून आवाज फुटू नये म्हणून ती ते दाबून उभी होती.

मी आडवी झाले आणि हात खाली सोडला. "हात दे."

तिनं मान हलवली. नाही.

"नंदे, पाणी चढतंय. हात दे."

तिनं तोंडावरचा हात थोडा काढला. "मग म्या बाद."

"खेळ संपलाय."

"डबा कुटं वाजला?"

तिचं बरोबर होतं. डबा वाजला नव्हता. मीच सांगितलेला नियम ती मला सांगत होती. मी तिला ओरडू शकत होते, अव्वाला सांगीन म्हणून भीती घालू शकत होते. पण मला ती ठाऊक होती. ओरडले असते तर ती आणखी आत सरकली असती. मी झाकणावर हाताचा पंजा आपटला, जोरात, तीनदा. पत्रा वाजला. मी म्हटलं, "डबा ऐसपैस. खेळ खलास. कुणालाच घावली न्हाईस. तू पक्की."

"शप्पत?"

"शप्पत. दे हात."

तिनं हात दिला. मी ओढलं. ओला परकर, ओलं अंग, आणि माझ्या दहा वर्षांच्या हातात जेवढं बळ होतं तेवढंच. तिचा पाय पायरीवरून सटकला आणि डोकं पाण्याखाली गेलं. माझ्या हातात फक्त मनगट राहिलं. माझं निम्मं अंग हौदात लोंबत होतं. मी मनगट सोडलं नाही. यात मोठेपणा काही नव्हता, बोटं उघडतच नव्हती.

मागून पोशव्वा आली. मी तिच्या अंगणात पळाले ते तिनं बघितलं होतं आणि तिला वाटलं मी रांग सोडून तिच्या हौदातलं पाणी घ्यायला आले. "माज्या हौदात हात घालतीस व्हय गं," असं म्हणत आली आणि तिनं बघितलं. पुढं ती एक शब्द मराठीत बोलली नाही. माझ्या कमरेवर गुडघा रोवून पालथी पडली, "रावे, रावे," म्हणजे ये, ये, असं म्हणत तिनं खांद्यापर्यंत हात पाण्यात घातला. नंदीची वेणी तिच्या हाती आली. मग दंड आला. दोघींनी मिळून तिला वर घेतलं.

नंदीनं पाणी ओकलं. खोकली. श्वास घेतला. तोवर अव्वा आली होती, आणि मागं अर्धी रांग. नंदीनं लच्चूला गर्दीत शोधलं आणि म्हणाली, "म्या पक्की."

अव्वानं आधी मला मारलं, मग नंदीला, मग खाली बसून दोघींना धरलं. पोशव्वाचे हात सूत रंगवून कोपरापर्यंत निळे असायचे. नंदीच्या दंडावर तिची पाच निळी बोटं उमटली होती, ती दोन दिवस गेली नाहीत. त्या दिवशी आमचे हंडे रिकामे राहिले. कुणी म्हणालं नाही की तुमचा नंबर गेला. शेजारणींनी आपापल्यातलं ओतून दिलं. आमच्या गल्लीत उन्हाळ्यात असं होत नसे.

दुसऱ्या दिवशी खेळ बंद. अव्वानं उंबऱ्यावर बसून सांगितलं की या उन्हाळ्यात पोरींनी दाराबाहेर पाय टाकायचा नाही. मी आत बसून कांड्या भरत होते. मला चाललं असतं. खरं सांगायचं तर मला बाहेर जायची भीती वाटत होती. संध्याकाळी भोंगा झाला आणि बाहेर डबा वाजला. बघते तर नंदी. गटारीतला डबा तिनं स्वतः काढून धुऊन आणला होता आणि रिंगणात उभी राहून पोरं मोजत होती. पहिलं बोट स्वतःच्या छातीवर ठेवून, एक.

अव्वा हातात लाटणं घेऊन बाहेर गेली. समोरून पोशव्वानं बघितलं. ती म्हणाली, "खेळू दे अक्का. पोरं कोंडून काय व्हतंय? हौदाला म्या कुलूप घातलंय."

अव्वा परत आली. लाटणं खाली ठेवलं. मला म्हणाली, "जा. पर येताना नऊ मोजून ये."

मी जे शिकले ते एवढंच, आणि शाळेत नाही शिकले. पोरांचा खेळ बंद करायचा नाही. हौद बंद करायचा.

झाकण मी लोटलं हे मी कुणाला सांगितलं नाही. अव्वा गेली, तिलाही नाही. सगळ्यांनी धरलं की पोरगी आत उतरली आणि तिनंच ओढून घेतलं. सहा वर्षांच्या पोरीला ते झाकण हललं नसतं, पण तसा विचार कुणी केला नाही. नंदीला सांगितलं ते दोघींची लग्नं होऊन मुलं मोठी झाल्यावर. तिला वळसंगला दिली आहे, शेती आहे. मी तिच्याकडं गेले होते आणि ती सुपात तूर पाखडत होती. मी म्हटलं, "नंदे, त्या दिवशी झाकण म्या लोटलं होतं."

"ठाव हाय. तुझा पाय दिसला. अंगठ्याला चिंधी बांधली होती."

"मग वरडली का न्हाईस?"

"वरडले असते तर बाद झाले असते की," ती म्हणाली आणि पाखडत राहिली. मग म्हणाली, "तू मला न बघता गेलीस. मला लई आनंद झाला होता."

मी सूप तिच्या हातातून घेतलं आणि उरलेली तूर पाखडली.

लग्न होऊन मी याच गल्लीत राहिले, चार घरं सोडून. आता घरं सिमेंटची झाली, माग बंद झाले, पोशव्वाच्या अंगणात दुमजली इमारत आहे. पण पाणी रोज येत नाही म्हणून दर घराखाली हौद आहेच. गल्लीत अकरा आहेत. परीक्षा संपायच्या आठवड्यात मी प्रत्येकाच्या दारात जाते आणि झाकणाला कुलूप आहे का बघते. नसेल तर लावून घेते. नवीन भाडेकरू हसतात. हसू देत. एकानं विचारलं, "आजी, तुम्हाला हे काम कुणी दिलंय?" मी म्हटलं, "कुणी न्हाय. किल्ली कुटं ठेवता ते दाखवा."

यंदा कोपऱ्यावर राहणारे निवृत्त मास्तर माझ्याकडं आले. चांगला माणूस आहे. नवीन गाडी घेतली आहे.

"अव्वा, तुमचा शब्द पोरं ऐकतात. गल्लीत खेळू नका म्हणून सांगा. गाडीला ओरखडा पडलाय."

"गाडी आत घ्या."

"आत जागा नाही हो."

"पोरांना बी आत जागा न्हाय, मास्तर."

ते गेले. दुसऱ्या दिवशी गाडीवर जाड कापड होतं. मला एवढं पुरे.

आणि काल. रिंगण आखलेलं, माझी नात सई राज्य घेऊन उभी, आणि तिच्या मागं भाडेकरूंची चार वर्षांची चिऊ फ्रॉकचं टोक चघळत. सई म्हणाली, "ही कच्चं लिंबू हां सगळ्यांनो."

मी ओट्यावरून म्हटलं, "कच्चं लिंबू न्हाय. या गल्लीत न्हाय."

"अव्वा, ती लहान आहे की. तिला राज्य देता येत नाही."

"देऊ नका. पर शोधा. आणि मोजा."

"तिला शोधायचं म्हणजे ती दारामागंच उभी असती, पाय दिसतात तिचे."

"दिसू देत. दिसले तरी शोधा. डब्यावर हात मारून तिचं नाव घ्यायचं, मोठ्यानं."

सईनं तोंड वाकडं केलं, पण ऐकलं. चिऊ दारामागं गेली. तिचे पाय खरंच दिसत होते. सई तिच्यासमोरून दोनदा गेली, डोळे मिचकावत, आणि तिसऱ्यांदा डब्यावर हात मारून ओरडली, "चिऊ ऐसपैस." चिऊ बाहेर आली ती अशी चालत जशी काही लढाई हरून आली आहे. बाद झाल्याचा एवढा मान मी कुणाच्या तोंडावर बघितला नव्हता. नाही, तसा मान एकदा नंदीच्या तोंडावर बघितला होता, ती पक्की झाली तेव्हा.

दिवे लागायच्या वेळी मी मोजलं, चिऊ धरून. तेरा. पुन्हा मोजलं. तेरा. मग आत गेले आणि भाकरी केल्या.

त्या वर्षीच्या नळाच्या रांगेतलं मोठं माणूस आता कुणी उरलं नाही. अव्वा नाही, पोशव्वा नाही. लच्चू मागच्या थंडीत गेली. खेळात आम्ही नऊजण होतो. त्यातले दोन कुठं आहेत मला माहीत नाही, पाच गेले, आणि दोघी आहोत. मी इथं आहे. हौदात नंदी होती. ती जगली. सत्तरीची आहे, दोन्ही गुडघे दुखतात, आणि येत्या सोमवारी वळसंगहून येणार आहे.